आजोबांची मार्टिनी रायफल आणि एका काडतुसाचा इतिहास

मृण्मयी_पेठेतली
शनिवार, सकाळी ११:०५

नमस्कार मंडळी,

आमचे आजोबा या फेब्रुवारीत गेले. शाळेत गणित शिकवायचे आणि रविवारी सकाळी रायफल क्लबात जायचे. सदाशिव पेठेत त्यांना सगळे या दोनच गोष्टींवरून ओळखत. त्यांच्यामागे लॉगॅरिदमची पुस्तकं, टार्गेटच्या कागदांचे गठ्ठे आणि परवान्याची एक रायफल राहिली. परवाना ज्याच्या नावावर तो माणूस गेला की ती घरात ठेवता येत नाही, म्हणून काकाने पोलीस ठाण्यात कळवून ती रीतसर परवानाधारक दुकानात जमा केली. त्याच्या आदल्या संध्याकाळी मी ती तासभर मांडीवर घेऊन बसले होते.

चांगलीच जड आहे. पोलादाच्या अंगावर एकमेकींना टेकवून उभ्या केलेल्या तीन बंदुकांचं चिन्ह आहे, शेजारी 'बीएसए' आणि 'मार्टिनी इंटरनॅशनल मार्क २' असं कोरलंय. सिनेमात दिसतो तसा मागेपुढे ओढायचा बोल्ट नाही. चापाच्या मागे खालच्या बाजूला एक आखूड दांडी आहे. ती खाली ढकलली की आतला ठोकळा पुढच्या बाजूने खाली झुकतो आणि त्याच्या पाठीवर बोटाच्या रुंदीची पन्हळ दिसते. आजोबा त्या पन्हळीवर काडतूस ठेवून अंगठ्याने पुढे सारायचे. दांडी वर, टक्, झालं. पुन्हा काडतूस हवं असेल तर पुन्हा सगळं पहिल्यापासून.

मला तीन गोष्टी विचारायच्या आहेत. या रायफलीचा इतिहास काय? एका वेळी एकच काडतूस घेणारी रायफल स्पर्धेत का वापरत? आणि सत्तरच्या दशकात क्लबातल्या इतरांनी जर्मन रायफली घेतल्या, तरी आजोबांनी ही का सोडली नाही? आजीला विचारलं तर ती म्हणते, "त्यांना हातातली वस्तू सोडवत नसे." हे उत्तर मला पुरत नाही.

चौथा प्रश्न घरातला आहे. हिचं पुढे काय करायचं?

चिमणराव_नव्हे
शनिवार, सकाळी ११:२०

वाचतोय. बीएसए म्हणजे सायकल ना? माझ्याकडे बीएसए होती, त्यावरून रोज नूमवि शाळेत जायचो.

खडकीकर
शनिवार, दुपारी १:४८

मृण्मयीताई, आजोबांना आदरांजली. मी आयुष्यभर शस्त्रांच्या दुरुस्तीचं काम केलं, आता निवृत्त आहे. अशा तीन-चार मार्टिनी माझ्या हातून गेल्या आहेत.

चिमणराव, सायकल आणि ही रायफल एकाच घरातल्या. बीएसए म्हणजे बर्मिंगहॅम स्मॉल आर्म्स. १८६१ साली बर्मिंगहॅमच्या बंदूक बनवणाऱ्यांनी एकत्र येऊन कंपनी काढली. सायकली आणि मोटारसायकली नंतरच्या. ते तीन बंदुकांचं चिन्ह जुन्या सायकलींवरही असायचं.

आता मार्टिनीकडे. झुकणाऱ्या ठोकळ्याची मूळ कल्पना अमेरिकेतल्या हेन्री पीबॉडीची, पेटंट १८६२ चं. त्याच्या बंदुकीला बाहेर घोडा, म्हणजे काडतूस पेटवायला आपटणारा हातोडा, होता आणि तो दर वेळी अंगठ्याने वेगळा चढवावा लागे. स्वित्झर्लंडच्या फ्रेडरिक फॉन मार्टिनीने बाहेरचा घोडा काढून आत स्प्रिंगवरचा स्ट्रायकर, म्हणजे काडतुसावर आपटणारी पिन, बसवला. दांडी खालीवर केली की बंदूक उघडते, बंद होते आणि त्याच हालचालीत चढतेही. एडिंबराच्या अलेक्झांडर हेन्रीची आटे पाडलेली नळी तिला जोडली आणि १८७१ मध्ये ब्रिटिश फौजेने ती स्वीकारली. तीच मार्टिनी-हेन्री. तिची गोळी ४८० ग्रेनची, म्हणजे जवळपास ३१ ग्रॅम. तुमच्या आजोबांच्या पॉइंट टू टूची (०.२२ इंची काडतुसाची) गोळी ४० ग्रेनची, अडीच ग्रॅमच्या किंचित वर. आतली कल्पना तीच, काम पूर्ण वेगळं.

एक विनंती. रायफल पुन्हा हातात आली तर रिकामी आहे म्हणून चाप ओढून 'टक् टक्' करत बसू नका. पॉइंट टू टूच्या काडतुसात पेटणारा मसाला तळाच्या कडेत असतो, त्यामुळे पिनही कडेवरच आपटते. काडतूस नसेल तर ती चेंबरच्या, म्हणजे काडतूस बसतं त्या खोबणीच्या, ओठावर बसते आणि तिथे खड्डा पडतो. चांगल्या चांगल्या रायफली लोकांनी अशा घालवल्या आहेत.

शंकासुर
शनिवार, दुपारी २:१०

खडकीकर काका, एकच काडतूस का, ते अजून कळलं नाही. पाच काडतुसांचं मॅगझिन असेल तर भरायचा त्रास तरी वाचेल.

नेमबाज७७
शनिवार, दुपारी ३:३०

शंकासुर, मी बालेवाडीच्या रेंजवर ५० मीटर रायफल नेमबाजी करतो, त्यामुळे यावर मी बोलतो.

आधी नियम. ५० मीटर रायफलच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत प्रत्येक गोळी हाताने एकेक भरावीच लागते. पण नियम नसता तरी आम्ही एकेकच भरली असती. ५० मीटरच्या टार्गेटवर दहाचं वर्तुळ १०.४ मिलिमीटर व्यासाचं असतं आणि गोळी स्वतः ५.६ मिलिमीटरची. शर्टाच्या बटणाएवढी जागा, तीही फुटबॉलच्या अर्ध्या मैदानाएवढ्या अंतरावर. गोळी मऊ शिशाची, वर मेणाचा किंवा तेलाचा पातळ थर. मॅगझिनमधून वर येताना तिचं नाक कशाला घासलं तर तो ओरखडा टार्गेटवर दिसतो. हाताने पन्हळीवर ठेवून सरकवली की तिला काही लागत नाही.

दुसरं म्हणजे मॅगझिनसाठी ॲक्शनच्या, म्हणजे नळीमागच्या पोलादी खोक्याच्या, पोटाला खिडकी पाडावी लागते. तिथे पोलाद कमी झालं की बार उडताना ॲक्शन वाकते. केसाएवढी वाकते, पण दर वेळी सारखी वाकेलच असं नाही.

तिसरं कारण पुस्तकात फारसं नसतं. काडतूस उचलायचं, ठेवायचं, सारायचं, गाल टेकवायचा, श्वास सोडायचा. हा ताल म्हणजेच आमचा खेळ. मधला थांबा काढून टाकला तर मागच्या चुकलेल्या गोळीचा राग पुढच्या गोळीत शिरतो.

मृण्मयीताई, आजोबांना मान देऊनच सांगतो. तुमची मार्टिनी आज स्पर्धेत चालणार नाही. जगाने ती १९६० च्या दशकातच मागे टाकली. जर्मनीच्या अन्शुट्झ कंपनीची मॅच ५४ ॲक्शन आली (५४ म्हणजे १९५४) आणि मार्टिनी संपली.

कोल्हापुरी_रस्सा
शनिवार, दुपारी ४:०२

नेमबाजीचा धागा आणि कोल्हापूरचं नाव अजून कुणी घेतलं नाही? मग मीच घेतो. तेजस्विनी सावंत, २०१०, म्युनिक, ५० मीटर प्रोन (आडवं पडून), विश्वविजेतेपद. रायफलीत जग जिंकणारी पहिली भारतीय महिला. स्वप्नील कुसाळे, राधानगरी तालुक्यातलं कांबळवाडी, १ ऑगस्ट २०२४, पॅरिस ऑलिंपिक, ५० मीटर थ्री पोझिशनला (गुडघ्यावर, आडवं आणि उभं) कांस्य. फायनलला ४५१.४. खाशाबा जाधवांनंतर ७२ वर्षांनी महाराष्ट्राला वैयक्तिक पदक! त्या दिवशी आमच्या गल्लीत पेढे कमी पडले, शेवटी साखर वाटली.

कोथरूडची_सई
शनिवार, दुपारी ४:१५

स्वप्नील मध्य रेल्वेत टीसी होता आणि सराव आमच्या बालेवाडीला करायचा. अर्धा आमचा.

कोल्हापुरी_रस्सा
शनिवार, दुपारी ४:१७

सराव पुण्यात, जिगर कोल्हापूरची. पेढा मात्र अर्धा देतो.

इतिहासवेडा
शनिवार, रात्री ९:५५

सुंदर धागा. दोन प्रसंग सांगतो, कारण एका काडतुसाची रायफल आणि स्पर्धा यांचं लग्न पन्नास मीटरवर लागलंच नव्हतं.

पहिला प्रसंग २ जुलै १८६० चा, विम्बल्डन. टेनिस नव्हे. इंग्लंडच्या नॅशनल रायफल असोसिएशनची पहिली स्पर्धा तिथे भरली. उद्घाटनाची गोळी राणी व्हिक्टोरियाने झाडली. व्हिटवर्थ रायफल चौकटीत पक्की बसवून ४०० यार्डांवर नेम धरून ठेवला होता, राणीने रेशमी दोरी ओढली. गोळी मध्यबिंदूपासून सव्वा इंचावर लागली. ही रायफल ठासणीची, म्हणजे दारू आणि गोळी तोंडाकडून भरायची.

दुसरा प्रसंग सप्टेंबर १८७४ चा, न्यूयॉर्कजवळ क्रीडमूर. आयर्लंड विरुद्ध अमेरिका, अंतरं ८००, ९०० आणि १००० यार्ड. आयरिश संघाकडे जॉन रिग्बीच्या ठासणीच्या रायफली. अमेरिकनांकडे रेमिंग्टन आणि शार्प्सच्या, मागून भरायच्या, एका काडतुसाच्या. तेव्हाच्या जाणत्यांचं मत असं की मागून उघडणारी बंदूक ठासणीइतकी अचूक असूच शकत नाही, सांध्यातून जोर निसटणार. शेवटची गोळी अमेरिकेच्या जॉन बोडाइनची होती. त्याच्या जरा आधी हातातली जिंजर बिअरची बाटली फुटून तळवा कापला होता. रुमाल गुंडाळून तो आडवा झाला आणि हजार यार्डांवर मधोमध मारली. ९३४ विरुद्ध ९३१. अमेरिका तीन गुणांनी जिंकली आणि ठासणीचे दिवस भरले.

यंत्रज्ञ
शनिवार, रात्री १०:३०

इतिहासवेडा, निष्कर्षाशी असहमत. त्या सामन्यात एका आयरिश नेमबाजाने चुकून शेजारच्या टार्गेटवर गोळी मारली होती. लागली मधोमध, पण टार्गेट दुसऱ्याचं, म्हणून शून्य. मधल्या ठिकाणाचे चार गुण होते. ते धरले तर आयर्लंड ९३५. म्हणजे ठासणी हरली ती एका माणसाच्या चुकीने, यंत्राच्या दोषाने नव्हे. मागून भरणारी रायफल टिकली ती सोयीमुळे. आडवं पडलेल्या माणसाला नळीच्या तोंडाशी हात न्यावा लागत नाही, आणि प्रत्येक काडतूस आधीच्यासारखंच भरलं जातं.

इतिहासवेडा
शनिवार, रात्री १०:४४

ते खरं आहे, मी सांगायला हवं होतं. ठासणी त्या एका दिवशी हरली नाही, हे मान्य. पण मागून भरणारी रायफल तिच्या बरोबरीची आहे हे त्या दिवशी सगळ्यांना दिसलं. माझ्या मते ते पुरेसं होतं.

मृण्मयी_पेठेतली
रविवार, सकाळी ८:२०

किती लिहिलंत सगळ्यांनी! आजीला वाचून दाखवतेय. बोडाइनच्या रुमालाशी तिने मला थांबवलं आणि म्हणाली, "हे ह्यांनी मला सांगितलं होतं. लग्नानंतर पहिल्याच दिवाळीत." म्हणजे आजोबांना हा इतिहास ठाऊक होता.

पण एक दुवा अजून सापडत नाही. ३१ ग्रॅमची गोळी झाडणारी फौजेची बंदूक गणिताच्या मास्तरांच्या हातात कशी आली?

खडकीकर
रविवार, सकाळी ११:१५

तो दुवा बोअर युद्धाचा. १८९९ ते १९०२ या काळात दक्षिण आफ्रिकेत बोअर शेतकऱ्यांच्या नेमबाजीने ब्रिटिश फौज हैराण झाली. लॉर्ड रॉबर्ट्स, जो कानपुरात जन्मला आणि काही वर्षं हिंदुस्थानचा सरसेनापती होता, त्याने परत गेल्यावर एकच धोशा लावला: आपल्या साध्या कामकरी माणसाला नेम धरता आला पाहिजे. पण गावोगावी हजार यार्डांची मैदानं कुठून आणणार? म्हणून लहान काडतूस, लहान अंतर. पंचवीस यार्डांवर, एखाद्या सभागृहात किंवा गोदामातसुद्धा सराव होईल असं. पॉइंट टू टू लाँग रायफल हे काडतूस १८८७ मध्ये अमेरिकेत स्टीव्हन्स कंपनीने काढलेलं होतंच. तोवर फौजेतून मार्टिनी-हेन्री बाद होत होत्या. त्यांच्या नळीत लहान व्यासाची नळी बसवून क्लबांनी काम सुरू केलं. नंतर बीएसएने त्याच घाटाच्या लहान मार्टिनी खास टार्गेटसाठी बनवल्या आणि १९५० मध्ये 'इंटरनॅशनल' काढली. मार्क २ म्हणजे तुमची रायफल १९५० च्या दशकातली.

एनसीसीवाला
रविवार, दुपारी १२:०५

खडकीकर काकांच्या या प्रतिसादाने माझे एनसीसीचे दिवस आले. आम्हाला पॉइंट टू टू मिळायची, जुन्या फौजी एनफिल्ड रायफलीवरून केलेली. दिसायला मॅगझिन, आत पोकळ! काडतूस एकेकच भरायचं आणि उडालेलं टरफल त्या पोकळ डब्यात पडायचं. उस्ताद शेवटी डबा उपडा करून टरफलं मोजायचे. एक कमी भरलं तर अख्खी तुकडी गवतात शोधत बसायची. डिसेंबरची थंडी, कोपराखाली खडी आणि "साँस रोक, टिगर दबा." माझी पाचही भोकं एका रुपयाखाली झाकली गेली होती. तो कागद आईने देवघरात ठेवला होता.

शंकासुर
रविवार, दुपारी १२:४०

मला वेगळं बोलायचंय, राग मानू नका. घरात लहान मुलं असतील तर आठवण म्हणूनसुद्धा बंदूक नको. सरकारजमा करा आणि मोकळे व्हा. फोटो ठेवा, टार्गेटचे कागद ठेवा.

आई_बालेवाडीची
रविवार, दुपारी २:२५

शंकासुर, काळजी रास्त आहे. माझी मुलगी १० मीटर एअर रायफल करते, म्हणून सांगते की आम्हीही याच भीतीतून गेलो. पहिले दोन महिने तिला छरा भरायलाच दिला नव्हता. फक्त उचलायची, धरायची, खाली ठेवायची. रायफलचं तोंड नेहमी टार्गेटकडे, बोट चापाबाहेर. ही शिस्त मी दुसऱ्या कुठल्या खेळात पाहिली नाही. आता ती घरात दप्तरसुद्धा जपून ठेवते.

एअर रायफलही एकाच छऱ्याची, बरं का. १० मीटरवर दहाचा ठिपका अर्ध्या मिलिमीटरचा. पेन्सिलीने टेकवल्यासारखा. साडेचार मिलिमीटरचा छरा त्याला पूर्ण गिळतो. ती पहिल्यांदा म्हणाली, "आई, दिसतच नाही, मग मारू कशाला?" सरांनी सांगितलं, ठिपका बघायचाच नाही, माशीच्या (नळीच्या टोकावरच्या साइटच्या) गोलात काळा गोल मधोमध बसवायचा, ठिपका आपोआप मध्ये येतो.

खर्चाचं मात्र कुणी बोलत नाही. जॅकेट, बूट, छरे, प्रवास. आम्ही रायफल आधी भाड्याने घेतली, मग एका ताईची जुनी विकत घेतली. ती आज घरातल्या स्कूटरपेक्षा महाग आहे.

नेमबाज७७
रविवार, दुपारी ३:००

ताई, खर्चाला +१. आमच्यात काडतूस तर एकदा उडालं की संपलं. त्यात लॉटचा, म्हणजे एका वेळी बनलेल्या खेपेचा, प्रश्न. एकाच कंपनीचं, एकाच नावाचं काडतूस, पण हा लॉट एका नळीला मानवतो आणि शेजारच्या नळीला नाही. मोठे खेळाडू स्वतःची रायफल घेऊन परदेशात कारखान्याच्या रेंजवर जातात, ती शिकंजात आवळून लॉटमागून लॉट मारून बघतात आणि जमलेल्या लॉटची खोकी उचलतात. बाकीच्यांनी मिळेल त्यात भागवायचं.

यंत्रज्ञ
रविवार, संध्याकाळी ६:५०

'अन्शुट्झ आली आणि मार्टिनी संपली' हे नेमबाज७७ यांचं वाक्य कालपासून डोक्यात आहे. अर्धं बरोबर आहे.

मार्टिनीत काय चांगलं होतं? चाप सुटल्यापासून काडतूस पेटेपर्यंतचा वेळ फार थोडा. तेवढ्या वेळात रायफल हलायला वावच कमी. ॲक्शन आखूड, म्हणून तेवढ्याच लांबीत नळी जास्त मिळते. काय वाईट होतं? नळी मागून साफ करायची तर ॲक्शनची खीळ काढून आतला संच बाहेर घ्यावा लागतो. आणि लाकूड दोन तुकड्यांत. पुढचा हात वेगळा, दस्ता वेगळा, मध्ये पोलादी खोका. अन्शुट्झने अखंड लाकडात गोल, जाड, पोटाला भोक नसलेली ॲक्शन बसवली. बोल्ट काढला की गज सरळ आत. अन्शुट्झ हे घराणं १८५६ पासूनचं, मूळचं थुरिंगियातलं. युद्धानंतर सगळं गमावून १९५० मध्ये उल्मला त्यांनी पुन्हा शून्यातून सुरुवात केली. तिथून चार वर्षांत मॅच ५४. मला ही गोष्ट फार मोठी वाटते. आज जगातल्या स्पर्धांमध्ये वॉल्थर, ब्लायकर आहेत, पण एका काडतुसाच्या बोल्ट रायफलीचा साचा अन्शुट्झने पक्का केला.

मृण्मयीताई, दस्त्याचा फोटो टाकाल का? गाल टेकवायचा उंचवटा कोणत्या बाजूला आहे?

मृण्मयी_पेठेतली
रविवार, रात्री ९:१०

जमा करण्याआधी काढलेले फोटो आहेत, वर जोडलेत. उंचवटा उजव्या अंगाला दिसतोय. आणि दस्त्याचं लाकूड पुढच्या लाकडापेक्षा काळं आहे. मला वाटलं वयाने काळवंडलं असेल.

खडकीकर
रविवार, रात्री ९:४५

ताई, ते काळवंडलेलं नाही. पुढचं लाकूड अक्रोडाचं, बीएसएचंच. मागचा दस्ता शिसवी आहे आणि आपल्याकडच्या सुताराने केलेला आहे. रंध्याचा हात ओळखू येतो. उंचवटा उजव्या अंगाला, म्हणजे नेम धरणारा डावा गाल टेकवत होता. आजोबा डावखुरे होते का?

मृण्मयी_पेठेतली
रविवार, रात्री १०:०२

नाही. उजव्या हाताने लिहायचे, उजव्या हातानेच जेवायचे.

थांबा, आजी काहीतरी म्हणतेय.

मृण्मयी_पेठेतली
रविवार, रात्री १०:३०

अंगावर काटा आलाय. आजी म्हणाली, ते जन्माचे डावखुरे. लहानपणी पंतोजींनी डाव्या हातावर छड्या मारून मारून उजव्या हाताने लिहायला लावलं. घरात ते कधी बोलले नाहीत. "फक्त बंदूक डावीकडून धरायचे. तिथे मारणारं कुणी नव्हतं ना."

मी चाळीस वर्षं त्यांची नात आहे आणि मला हे माहीत नव्हतं.

यंत्रज्ञ
रविवार, रात्री १०:४१

मग तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मिळालं. बोल्टची मूठ उजव्या अंगाला असते. डावखुऱ्याने डावा खांदा लावून आडवं झोपलं की दर गोळीला हात वरून पलीकडे न्यायचा, सगळी बैठक मोडायची. मार्टिनीची दांडी खाली, मधोमध. तिला डावंउजवं नाही. आणि मी ज्याला दोष म्हणालो ते दोन तुकड्यांतलं लाकूड त्यांच्या कामी आलं. दस्ता आतून एका लांब बोल्टने आवळलेला असतो. तो सोडवला, सुताराला नमुना दिला आणि डावा दस्ता करून घेतला. अखंड लाकडाच्या रायफलीत हे एवढ्या सहज जमलं नसतं.

नेमबाज७७
रविवार, रात्री ११:०५

अन्शुट्झ डावखुऱ्यांसाठीही बनवते, पूर्वीपासून. पण त्या काळी पुण्यात ती आणणं म्हणजे आयात परवाना, पैसे आणि वर्षानुवर्षांची वाट. मास्तरांच्या पगारात अवघडच होतं. 'मार्टिनी संपली' हे मी मागे घेतो. त्यांच्यासाठी संपली नव्हती.

आई_बालेवाडीची
सोमवार, सकाळी ७:१५

डोळे भरून आले सकाळी सकाळी.

कसबा_गणपती
सोमवार, सकाळी १०:००

ताई, एक कटू अनुभव सांगतो, सावध व्हावं म्हणून. वडिलांची रायफल आम्हीही एका दुकानात जमा केली होती. वारसाहक्काच्या कागदांना दीड वर्ष लागलं. बघायला गेलो तर गोणपाटात गुंडाळलेली, दोन पावसाळे खाल्लेली. नळीत गंजाचे ठिपके. दुकानदार म्हणाला, पावतीत 'जमा' लिहिलंय, 'देखभाल' नाही. तुम्ही महिन्याला एकदा जाऊन समोर तेल लावून घ्या. नाही म्हणाले तर लेखी मागा.

खडकीकर
सोमवार, सकाळी १०:४०

कसबा_गणपती यांना दुजोरा. आणि नळी लोकरीच्या किंवा कापडी पिशवीत ठेवू देऊ नका, ओल धरते. तेलाचं बोट फिरवलेलं कापड आतून, बाहेरूनही. बस.

शंकासुर, तुमच्याही मुद्द्याला उत्तर देतो. वारसाला स्वतःच्या नावावर परवाना मागता येतो. तो मिळेपर्यंत हत्यार जमाच राहतं. परवाना नको असेल तर परवानाधारकाला रीतसर देता येते. मध्ये चोरवाट नाही आणि नसावी.

मृण्मयी_पेठेतली
(सात आठवड्यांनी) रविवार, दुपारी ४:२०

मंडळी, धागा वर काढते.

काका आणि मी दर महिन्याला दुकानात जाऊन तेल लावून येतो. दुकानदार आता स्वतःच कपडा काढून ठेवतो. आजोबांची वही सापडली. प्रत्येक रविवारची बेरीज, वाऱ्याची दिशा आणि मागच्या साइटचे क्लिक (नेम सरकवणाऱ्या स्क्रूचे खटके). एके ठिकाणी लिहिलंय, "डावीकडून वारा. उजवीकडे दोन भोकं. दोन क्लिक डावीकडे. मग बरी." पन्नास मीटरवर एका पावमिनिटाच्या (इथे मिनिट म्हणजे कोनाच्या अंशाचा साठावा भाग) क्लिकने गोळी साडेतीन मिलिमीटर सरकते, हे त्यांनी समासात गणित मांडून काढलंय. त्रिकोण काढून, टॅन घेऊन, लॉगच्या टेबलवरून.

गेले पाच रविवार मी क्लबात शिकायला जातेय, क्लबच्या रायफलीवर. ती बोल्टची आहे, उजवी. मी उजवीच आहे, मला चालते. माझी दहा वर्षांची मुलगी मात्र एअर रायफल धरताना आपणहून डावीकडून धरते. सरांनी तिचा खांदा बदलला नाही.

परवान्याचा अर्ज माझ्या नावाने भरलाय. खडकीकर काका, कागद लागले की तुम्हाला फोन करेन. आणि एक विचारायचं होतं. त्या शिसवी दस्त्याच्या आत, बोल्टच्या भोकाशी, पेन्सिलीने काहीतरी लिहिलेलं पुसट दिसतं. दुकानदाराने टॉर्च धरला होता. आम्हाला फक्त '१९६३' आणि 'भवानी पेठ' एवढंच लागलं.

खडकीकर
रविवार, संध्याकाळी ५:०५

सुताराचंच असणार. पुढच्या वेळी मला घेऊन चला, माझ्याकडे आतून बघायचा लहान आरसा आहे. दस्ता सोडवावा लागणार नाही.

कोल्हापुरी_रस्सा
रविवार, संध्याकाळी ५:१२

लेकीला पेढे माझ्याकडून. अख्खे.